मठ्ठूला शंका आहे

टण्ण!

दुपारच्या शांत घरात डब्याचं झाकण ओट्यावरून सटकलं, फरशीवर कडेवर उभं राहिलं आणि गरगर गरगर करत अर्धं स्वयंपाकघर हिंडून शेवटी फ्रीजपाशी जाऊन आडवं झालं.

वृंदा मगदूम भडंगाचा डबा हातात तसाच धरून उभी राहिली. झाकण उचलायला वाकली नाही. ती वाट बघत होती.

सात वर्षांचं मूल असलेल्या घरात काही पडलं, की वस्तू जमिनीला टेकायच्या आत प्रश्न येऊन टेकतात. काय पडलं? कोणी पाडलं? फुटलं का? का नाही फुटलं? मी पाडलं असतं तर फुटलं असतं का? मागच्या वर्षी याच घरात, याच मुलीनं एका पडलेल्या चमच्यावरून आजोबांना असं काही धरलं होतं, की ते चप्पल घालून खाली गेले आणि जेवायच्या वेळेलाच वर आले.

आज बाहेरच्या खोलीतून कस्तुरी आली ती सावकाश, दोन्ही हात पाठीमागे बांधून. आईकडे बघून समजूतदारपणे हसली.

"घाबरू नकोस हं. झाकणच होतं. ते गोल असतं ना, म्हणून पडल्यावर कडेवर फिरत बसतं. चौकोनी असतं तर एकदाच आपटून गप्प पडलं असतं. लक्षात आलं?"

"आलं," वृंदा म्हणाली.

"मग सांग बघू तुझ्या शब्दांत."

वृंदानं तिच्या शब्दांत सांगितलं. कस्तुरीनं मान डोलावली, "छान प्रयत्न," म्हणाली, डब्यातून भडंगाची मूठ भरून घेतली आणि गेली.

"पास झालीस का गं?" बाहेरून आण्णांनी, वृंदाच्या सासऱ्यांनी, विचारलं. "मी काल नापास."

आण्णांची सगळी हयात एसटी चालवण्यात गेली होती. आता एसटीला ड्रायव्हर लागत नाही, गाडी आपली आपण कोल्हापूरला जाऊन परत येते, हे दुःख त्यांनी कसंबसं पचवलं होतं. पण काल नातीनं त्यांना घाटात वळण कसं घ्यायचं ते समजावून सांगितलं, ते काही घशाखाली उतरत नव्हतं.

"वर मला म्हणते, 'घाई नको आण्णा, तुमच्या वेगानं शिका.' माझ्या वेगानं! अगं, माझ्या वेगाला अख्खा डेपो भीत होता."

वृंदा हसली. हसता हसता आठवू लागली, की कस्तुरीनं आपल्याला शेवटचा प्रश्न विचारला तो कधी. दिवाळीत? गणपतीत? तिनं झाकण उचललं, धुतलं, डब्याला लावलं, तरी तिला तो प्रश्न आठवेना.

या सगळ्याला मठ्ठू जबाबदार होता. आणि मठ्ठूला वृंदा.

कस्तुरी तीन वर्षांची असताना जेवायला उंच खुर्चीवर बसायची आणि तिचे पाय खाली हलत असायचे. वृंदाच्या लक्षात आलं, की पाय मध्येच थांबतात, आणि ते थांबले की पाठोपाठ प्रश्न येतो. प्रश्न सुचला असं कस्तुरीला वाटायच्याही आधी तो पायांना कळलेला असे. वृंदा तेव्हा बाळंतपणाच्या रजेनंतर नोकरी सोडून घरी बसून माणसांच्या आवाजावर चालणाऱ्या यंत्रांची कामं करायची. तिनं मुलीला डाळभात भरवता भरवता कॅमेरा लावला. मग शेजारच्या मुलांना बोलावलं. त्यांनाही डाळभात.

निघालं ते असं. एखादी गोष्ट आपल्याला समजली नाही, हे समजायला माणसाला थोडा वेळ लागतो. शरीराला मात्र ते लगेच कळतं. नजर एका शब्दावर अडकते, पापणी लवायची थांबते, श्वास अर्ध्यावर राहतो, हातापायांचा चाळा बंद पडतो. मोठ्यांचं हे सगळं झाकलेलं असतं, कारण मोठ्यांना समजल्यासारखं तोंड करायची सवय असते. मुलांच्या अंगावर ते स्वच्छ दिसतं. आणि दिसतं ते यंत्राला वाचता येतं. कोणत्या शब्दाला मूल अडलं, त्याआधी बाईंनी काय सांगितलं, मुलाला आधीचं काय येतं, एवढं कळलं तर त्याच्या मनात कोणती शंका उगवू घातलीय हे जवळपास अचूक सांगता येतं. मुलानं तोंड उघडायच्या आधी.

वृंदाचा कॉलेजातला मित्र शार्दूल कोरे शाळांचे बंद पडलेले डिजिटल फळे दुरुस्त करायचा. जिल्ह्यातल्या प्रत्येक मुख्याध्यापकाच्या घरचा चहा तो प्यायला होता. तो म्हणाला, "वृंदे, वर्गात आत्तापर्यंत जेवढी यंत्रं आली ना, त्या सगळ्यांना सगळं येतं. पोरांना सगळं येणाऱ्याची भीती वाटते. मला तर अजून वाटते."

"मग ज्याला काहीच येत नाही असं करू या," वृंदा म्हणाली.

असा मठ्ठू झाला. कवठाएवढा, राखाडी कापडाचा, एक डोळा, एक कान आणि एक हात. तो बाकावर मुलाशेजारी बसायचा. मुलाच्या मनात शंका हलली, की मठ्ठूचा हात वर. "बाई, मला नाही कळलं. बेरजेत हातचा डोक्यावरच का ठेवायचा?" हसणं झालंच तर मठ्ठूला. बाई म्हणायच्या, "अरे मठ्ठ्या! सांग गं कस्तुरी, तूच सांग त्याला." की कस्तुरी सांगायची. दुसऱ्याला सांगताना आपल्याला जेवढं कळतं तेवढं एरवी कशानंच कळत नाही. अडली तर बाई होत्याच. कुणाचा कमीपणा नाही, कुणाची फजिती नाही.

कंपनीचं नाव 'बाकसोबत' ठेवलं. यंत्राचं कागदोपत्री नाव 'सहाध्यायी' होतं, पण मुलांनी पहिल्याच दिवशी त्याचं बारसं बदललं आणि पुढं शार्दूलनं पाट्याही मठ्ठूच्याच रंगवल्या. पिठाच्या गिरणीवरच्या एका खोलीत सुरू झालेली कंपनी पाहता पाहता विश्रामबागेत तीन मजल्यांची झाली. तासगाव, जत, मंगळवेढा, मग कृष्णेच्या पलीकडचे, मग घाटाच्या पलीकडचे जिल्हे. वर्षभर तोंड न उघडलेली मुलं आपल्या मठ्ठूला अपूर्णांक समजावू लागली. बाथरूमला जायचं विचारायला लाजणाऱ्या मुलांच्या वतीनं मठ्ठू विचारू लागला. मोठी माणसंही ऑफिसात येऊन हळूच चौकशी करायची. एका मुलीला तो मुलगा बघायच्या कार्यक्रमात शेजारी ठेवायला हवा होता. वृंदाचा नवरा सन्मती हळदीच्या शीतगृहात कामाला; तो एकदा गंमत म्हणून कस्तुरीचा मठ्ठू सोसायटीच्या सभेला घेऊन गेला. मठ्ठूनं भर सभेत विचारलं, "काका, पाण्याची टाकी धुतली म्हणता, मग त्यातलं कबुतर गेल्या वर्षीचंच कसं?" चेअरमन अजून सन्मतीशी बोलत नाहीत.

असं सगळं छान चाललं होतं. आणि घरात कुणी काही विचारत नव्हतं.

बाकसोबतमध्ये एक पद्धत होती. दर सोमवारी दुपारी सगळी मंडळी सतरंजीवर गोल करून डबे खायची आणि प्रत्येकानं ताटात एक नवी शंका वाढायची. स्वतःच्या मुलाची, भाच्याची, शेजारच्या पोराची, पण खरी. त्यातूनच मठ्ठूची भाषा ताजी राहायची. याला शंकांची पंगत म्हणत. वृंदा या पंगतीची मुख्य वाढपी.

त्या सोमवारी तिनं विचारलं, "हं, कोण सुरुवात करतंय?"

सगळे मन लावून जेवू लागले.

"सुकुमार?"

"या आठवड्यात काय नाही, मॅडम."

"मागच्या आठवड्यात तू आणली होतीस की. 'मुंगीच्या पायाला मुंग्या आल्या तर तिला काय वाटतं?'"

सुकुमारनं भाकरीचा तुकडा आमटीत बराच वेळ बुडवला. "ती माझीच होती. पोरगा काय विचारतच नाही. उलट मलाच सांगतो. परवा मला शर्टाची बटणं लावायला शिकवली त्यानं."

मग एकेकाचं बाहेर पडू लागलं. कुणाची भाची, कुणाचे जुळे. सगळ्यांनीच दिवाळीपासून शंका घरी बसून रचल्या होत्या. रिकामं ताट कसं वाढायचं, म्हणून. शंकांच्या कारखान्यात कच्चा माल संपला होता आणि कामगार तो मन लावून घरी बनवत होते.

वृंदाचा घास हातातच राहिला. हे फक्त आपल्याच घरचं असेल असं तिला वाटलं होतं.

दुसऱ्या दिवशी ती कस्तुरीच्या शाळेत गेली. वर्गशिक्षिका बागवानबाई तिला दारातच भेटल्या.

"बरं झालं आलात, वृंदाताई. मीच फोन करणार होते. माझा वर्ग म्हणजे असा वर्ग झालाय, की बघत राहावा. भांडण नाही, गोंधळ नाही, कुणी खडू मारत नाही. सगळे एकमेकांना समजावतात. मला भीती वाटायला लागलीय."

"मुलं प्रश्न विचारतात का, बाई?"

"चला, दाखवते."

बाईंनी सगळे मठ्ठू चार्जिंगला म्हणून गोळा करून मागच्या कपाटात ठेवले. मग फळ्यासमोर उभ्या राहून, चेहऱ्यावरची सुरकुतीही न हलवता म्हणाल्या, "मुलांनो, रात्री चंद्र चमकतो. का चमकतो? तर आपल्या कुपवाडच्या कारखान्यांचे दिवे त्याच्यावर पडतात म्हणून. काही शंका?"

वृंदानं वर्गावरून नजर फिरवली. काही मुलांचे डोळे क्षणभर अडकले. काहींचे श्वास थांबले. शंका आली होती; वृंदाला ती ढळढळीत दिसली. मुलांनी सवयीनं शेजारी बघितलं. शेजारी कुणी नव्हतं. कुणी विचारलं नाही. आली तशी शंका विरून गेली.

मग पहिल्या बाकावरच्या मुलीनं मागे वळून शेजारणीला समजावलं, "म्हणून तर रविवारी चंद्र कमी दिसतो. कारखान्यांना सुट्टी असते ना."

"आणि अमावस्येला संप असतो," कस्तुरी म्हणाली.

"छान समजावलंस," शेजारीण म्हणाली.

बाईंनी वृंदाकडे बघितलं. दोघींनाही हसू आलं होतं, आणि दोघींनीही ते गिळलं.

"हे आम्ही काय करून ठेवलंय, बाई?"

"मी पण केलंय की," बागवानबाई म्हणाल्या. "वर्ग शांत झाला तेव्हा पेढे मीच वाटले होते."

घरी येईपर्यंत वृंदाला चूक कळली होती, आणि ती तिचीच होती. मठ्ठू फार तत्पर होता. शंका मनात उगवते, मूल थोडं चुळबुळतं, विचारू की नको करतं, शब्द शोधतं, नाही तेच आधी आठवतं, मग धीर करून विचारतं. हा सगळा रस्ता मठ्ठूनं मुलांच्या वतीनं चालून टाकला होता. पाय चालले नाहीत तर पायांतलं बळ जातं. मुलं उत्तरं द्यायला शिकली होती, कारण ती त्यांची त्यांना द्यावी लागत. शंका मात्र दुसराच कुणीतरी विचारतो, असा त्यांचा समज झाला होता.

"मठ्ठूला थांबायला शिकवायला हवं," तिनं शार्दूलला सांगितलं. "शंका कळली तरी त्यानं गप्प बसायचं. मूल विचारेपर्यंत."

"आणि मुलानं नाही विचारलं तर?"

"तरी गप्प."

शार्दूलनं चहाचा कप टेबलावर ठेवला. "म्हणजे शाळांनी एक कापडी कवठ विकत घ्यायचं, जे गप्प बसतं. वृंदे, गप्प बसणाऱ्या वस्तू शाळेत आधीच पुष्कळ आहेत. खुर्च्या आहेत, ग्लोब आहे, आमचे जुने फळे आहेत."

"चेष्टा करू नकोस."

"मी करत नाहीये, तूच करतेयस. येत्या गुरुवारी शिक्षण खात्याची समिती येतेय. त्यांनी सही केली, की राज्यातल्या प्रत्येक शाळेच्या दुसरीच्या वर्गात मठ्ठू! कस्तुरीच्याच वर्गात दाखवायचंय. शेंडगे मॅडम स्वतः येणार. आणि तू म्हणतेस गप्प बसवू. मुलं विचारत नाहीत याचा अर्थ त्यांना समजलंय!"

"अमावस्येला संप असतो, हे समजलंय त्यांना."

"काय?"

"काही नाही. करून बघते घरी."

तिनं कस्तुरीच्या मठ्ठूला थांबायला शिकवलं. त्या संध्याकाळी कस्तुरी बालभारतीचं पुस्तक घेऊन बसली, मठ्ठू शेजारी. मठ्ठू गप्प. दूध आलं, मठ्ठू गप्प. कस्तुरीनं त्याला हलवलं, कानापाशी घेतलं, मग बाबांपुढं नेऊन ठेवलं.

"मठ्ठूला बरं नाहीये, बाबा."

वृंदा आतल्या दाराशी श्वास रोखून उभी राहिली. आता विचारेल. का बोलत नाही? काय झालंय त्याला?

सन्मतीनं मठ्ठूच्या कापडावर हात ठेवून बघितलं. "ताप नाही."

"घसा बसलाय त्याचा," कस्तुरीनं समजावलं. "घसा बसला की आवाज आत अडकतो. मग गरम पाणी द्यायचं असतं, पण त्याला पाणी चालत नाही, म्हणून नुसतं दाखवायचं."

आणि तिनं त्याला गरम पाणी दाखवलं. आण्णांनी मीठमोहऱ्या घेऊन त्याची दृष्ट काढली, कारण, त्यांच्या मते, इतक्या जिल्ह्यांत हिंडणाऱ्या माणसाला ती लागणारच. कस्तुरीनं आण्णांना दृष्ट म्हणजे काय ते समजावून सांगितलं. आण्णांनी ते त्यांच्या शब्दांत परत सांगितलं. प्रश्न कुणी विचारला नाही.

सन्मतीनं दाराशी उभ्या असलेल्या बायकोकडे बघितलं आणि चेष्टा सोडून दिली. "अगं, रडतेयस काय?"

"तिला एवढीसुद्धा शंका येत नाही, की त्याला काय झालंय."

"येत असेल," सन्मती म्हणाला. "तिला कुठं माहितीय ती तिनं विचारायची असते ते."

गुरुवारी शाळेत रांगोळी काढली होती. समितीत तिघे होते. त्यातल्या शेंडगे मॅडम मोठ्या, केस पांढरे, आवाज मऊ, आणि चष्म्यातून अशा बघायच्या, की मुख्याध्यापकांनी दोनदा स्वतःचंच नाव चुकीचं सांगितलं. वृंदा मागच्या भिंतीशी कस्तुरीच्या बाकापाशी उभी होती. वर्गातल्या सगळ्या मठ्ठूंची सूत्रं तिच्या हातातल्या डिजिटल पाटीवर होती.

पहिला अर्धा तास शार्दूलनं आयुष्यभर आठवावा असा झाला. बाईंनी पाण्याचं बाष्प कसं होतं ते शिकवलं. मठ्ठूंचे हात वर गेले. मुलांनी मठ्ठूंना समजावलं, कस्तुरीनं तर समितीतल्या एका साहेबांना समजावून त्यांच्याकडून परत म्हणवूनही घेतलं. साहेब पास झाले आणि लाजले.

"अप्रतिम," ते म्हणाले. "मॅडम, मला वाटतं इथंच सही करून टाकू."

शार्दूलनं पेन काढलं. वृंदानं कस्तुरीच्या डोक्याकडे बघितलं, दोन घट्ट वेण्या, मध्ये सरळ भांग. राज्यातल्या प्रत्येक गावात, प्रत्येक बाकावर अशी दोन वेण्यांची डोकी तिच्या डोळ्यांपुढं आली, छान समजावणारी. तिनं पाटीवर बोट टेकवलं आणि वर्गातल्या सगळ्या मठ्ठूंना गप्प बसवलं.

"एक मिनिट, मॅडम," ती म्हणाली. "बाई, पुढचा धडा घ्या ना."

शार्दूलला कळलं. पेन हातात धरून तो तिच्याकडे असा बघू लागला, जणू आपलं घर पेटलंय आणि काडी हिच्या हातात आहे.

बागवानबाईंनी धडा घेतला. वर्गात नजरा अडकल्या, श्वास थांबले. मुलं मठ्ठूंकडे बघत राहिली. बाई थांबल्या. पंख्याचा आवाज ऐकू येऊ लागला. साहेबांनी घड्याळ बघितलं. शार्दूलच्या कपाळावरून घाम निघून कॉलरमध्ये गेला.

शेवटी मधल्या रांगेतला एक मुलगा, प्रज्योत त्याचं नाव, उठून उभा राहिला. एक पाय दुसऱ्या पायावर गुंडाळलेला.

"बाई," तो म्हणाला, "मठ्ठूला शूला जायचंय."

"मठ्ठूला?"

"हो बाई. त्याला लई जोरात लागलीय."

कुणी हसलं नाही. मुलांना त्यात हसण्यासारखं काही वाटलंच नाही. प्रज्योतचा पाय आणखी गुंडाळला गेला.

"जा बाळा," शेंडगे मॅडम म्हणाल्या. "त्याला घेऊन जा. पळ."

प्रज्योत मठ्ठूला छातीशी धरून पळाला. मॅडमनी चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि वृंदाकडे वळल्या.

"त्याला स्वतःला विचारता येत नाही?"

"येत होतं, मॅडम. मठ्ठू यायच्या आधी थोडं थोडं येत होतं."

"आणि हे तुम्ही मला आज मुद्दाम दाखवलंत. सही व्हायच्या आत."

"ही," वृंदानं बाकाकडे बोट केलं, "माझी मुलगी आहे."

मॅडमनी कस्तुरीकडे बघितलं. कस्तुरीनं त्यांना धीर देण्यासाठी हसून दाखवलं.

"थांबणारा मठ्ठू घेऊन या," मॅडम म्हणाल्या. "मग बोलू. कोरे, पेन आत ठेवा."

शार्दूल आठवडाभर तिच्याशी बोलला नाही. मग ऑफिसच्या जिन्यात गाठून म्हणाला, "गप्प बसायचं त्याला शिकवलंस, पण गप्प बसल्यावर तोंड कसं करायचं ते नाही शिकवलंस. अगदी आमच्या सासऱ्यांसारखा बसतो. काहीतरी कर." यावरून त्याचा राग गेला, हे तिला कळलं. ज्या शाळांत मठ्ठू होते तिथं ते आता निम्मा वेळ कपाटात राहू लागले. बागवानबाई तर कस्तुरीच्या वर्गातले मठ्ठू घरीच पाठवत नव्हत्या. सुकुमारनं पंगतीत एक शंका आणली, खरी, पण शेजाऱ्यांच्या तीन वर्षांच्या मुलाची, मठ्ठूशिवाय वाढणाऱ्या. तिच्यावर सगळ्यांनी हात मारला.

प्रज्योतनं परवा स्वतःसाठी विचारलं, असं बाईंनी फोनवर सांगितलं. कस्तुरीबद्दल काही बोलल्या नाहीत.

मगदूम जैन, त्यांच्याकडे जेवण दिवस मावळायच्या आत होतं, म्हणून मटार चारलाच सोलायला बसावं लागतं. वृंदा गॅलरीत परात घेऊन बसली. कस्तुरी समोर. ऊन कललं होतं आणि मटार गोड निघाले होते, त्यामुळं परातीत कमी आणि तोंडात जास्त जात होते.

"शेंगेत दाणे ओळीनं बसतात," कस्तुरी म्हणाली, "कारण त्यांना ढकलाढकली करायची नसते. मोठे मध्ये, बारके कडेला. आणि ते हिरवे असतात कारण…"

ती थांबली.

तोंड उघडलं, मिटलं. तिनं मान वळवून शेजारी बघितलं. शेजारी फक्त सालांचा ढीग होता. ती परत आईकडे बघू लागली.

वृंदानं खाली मान घालून शेंग सोलली. आणखी एक सोलली. 'काय गं?' एवढंच तर म्हणायचं होतं. ओठांवर आलं होतं. ते तिनं दाणा चावून खाली ढकललं. आतून आण्णा "काय चाललंय मायलेकींचं?" म्हणत बाहेर आले, वृंदानं वर बघून असे डोळे केले, की आण्णा एक पाय गॅलरीत नि एक घरात ठेवून तसेच उभे राहिले.

कस्तुरीनं एक दाणा बोटांत धरून गोल गोल फिरवला.

"आई."

"हं."

"मला काय विचारायचंय ते मठ्ठूला माझ्याआधीच कळायचं ना?"

प्रश्न! वृंदाच्या हातातली शेंग परातीत पडली. आण्णांनी चौकट घट्ट धरली. सन्मतीला फोन करावा, शार्दूलला करावा, बागवानबाईंना करावा, अख्ख्या सोसायटीला, न बोलणाऱ्या चेअरमनलासुद्धा, ओरडून सांगावं असं वृंदाला झालं. पण ती हलली नाही. आवाज शक्य तेवढा साधा ठेवून म्हणाली, "हो. कळायचं."

कस्तुरीनं दाणा खाली ठेवला. तिच्या कपाळावर एक बारीकशी आठी पडली, आणि शब्द शोधत, एकेक जुळवत, तिनं विचारलं,

"मग तुला का गं नाही कळत?"